पासष्ट पेन्सचं भांडण

२०२५चा पाडवा ३० मार्चला आला, रविवारी. नेमकी त्याच पहाटे इंग्लंडातली घड्याळं एक तास पुढे गेली, त्यामुळे रेडिंगच्या मित्राकडे जेवायला बोलावलेली निम्मी मंडळी उशिरा उगवली. श्रीखंड ग्रीक दह्याचं होतं (चक्का टांगायला वेळ कोणाला आहे), गुढी मागच्या दारी, आणि पानं वाढेपर्यंत विषय एकच: ‘ॲडोलेसन्स’. तेरा वर्षांचा मुलगा, वर्गातल्या मुलीचा खून, चार भाग, प्रत्येक भाग एका सलग शॉटमध्ये. ज्यांच्या घरात त्या वयाची मुलं होती ते जरा हळू आवाजात बोलत होते. मग कोणीतरी म्हणालं, “बघा, हे नेटफ्लिक्सने केलं. आणि बीबीसीला परवापासून आपण वर्षाला १७४ पौंड ५० पेन्स मोजणार. कशासाठी? आठव्या हेन्रीचे झगे बघायला?” त्यावर एक काका उसळले. बीबीसी गेली की या देशात राहिलं काय, वगैरे. पुढचा पाऊण तास जे चाललं त्याला वाद म्हणणं कठीण आहे. एका बाजूला बिल होतं, दुसऱ्या बाजूला गहिवर.

हा आमच्या पानावरचाच प्रकार असता तर श्रीखंडाबरोबर गिळून टाकला असता. पण ब्रिटनची वर्तमानपत्रं आणि संसदही तेव्हा याच पातळीवर भांडत होती. निमित्त होतं पीटर कॉस्मिन्स्की नावाच्या निर्माता-दिग्दर्शकाचं. २०२५च्या जानेवारीत त्याने खासदारांच्या समितीला सांगितलं की, सोळाव्या शतकातल्या, आठव्या हेन्रीच्या मंत्र्यावरच्या, म्हणजे थॉमस क्रॉमवेलवरच्या ‘वुल्फ हॉल’ मालिकेचा दुसरा भाग करायला पैसेच पुरेनात. चित्रीकरण तोंडावर आलेलं असताना निर्माता, लेखक, दिग्दर्शक आणि मुख्य नट मार्क रायलन्स या सगळ्यांनी आपल्या मानधनाचा मोठा हिस्सा सोडला, तेव्हा कुठे काम सुरू झालं. त्याचा उपाय साधा होता. नेटफ्लिक्स, ॲमेझॉन, डिस्नी यांना ब्रिटनमधल्या वर्गणीदारांकडून जे मिळतं त्यातले पाच टक्के एका निधीत घ्या आणि ब्रिटिश प्रेक्षकांसाठीच्या ब्रिटिश मालिकांना द्या. एप्रिलमध्ये समितीने ती सूचना उचलून धरली. निधी ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने सांभाळावा, कंपन्यांनी वर्षभरात आपणहून पैसे दिले नाहीत तर कायदा करावा, असंही सुचवलं. नेटफ्लिक्सची जाहिरातींशिवायची साधी वर्गणी तेव्हा महिना १२ पौंड ९९ पेन्स होती. पाच टक्के म्हणजे पासष्ट पेन्स. तेवढ्यावरून एवढं रान पेटलं.

माझं मत आधीच सांगून टाकतो. हे पासष्ट पेन्स घ्यायला हवेत. कॉस्मिन्स्कीचं मागणं बरोबर आहे, पण मागताना त्याने पुढे केलेलं उदाहरण त्याच्याकडच्या उदाहरणांतलं सर्वांत लंगडं आहे. मेणबत्त्यांच्या उजेडात चित्रित केलेली ट्यूडर दरबाराची, म्हणजे आठव्या हेन्रीच्या घराण्याची, मालिका दाखवून “आम्ही गरीब आहोत” म्हटलं की ऐकणारा हसणारच. त्याची खरी बाजू त्याच्या मानधनाच्या त्यागात नाही. ती त्याच्या चाळीस वर्षांच्या कारकिर्दीत आहे, आणि ती कारकीर्द कोणीच, अगदी त्यानेही, नीट वाचून दाखवली नाही.

ती थोडी वाचू. १९८०मध्ये हा ऑक्सफर्डचा पदवीधर बीबीसीत प्रशिक्षणार्थी म्हणून लागला. पुढे यॉर्कशायर टेलिव्हिजनमध्ये गेला आणि माहितीपट करू लागला: फॉकलंड युद्धावर, अफगाणिस्तानातल्या सोव्हिएत सैनिकांवर. १९९०मध्ये त्याने ‘शूट टू किल’ केलं. १९८२ साली उत्तर आयर्लंडच्या आर्मा परगण्यात पोलिसांनी काही आठवड्यांत सहा माणसांना गोळ्या घातल्या. चौकशीला मँचेस्टरहून जॉन स्टॉकर नावाचा पोलीस अधिकारी पाठवला, आणि चौकशी शेवटाला येत असताना १९८६मध्ये त्यालाच बाजूला केलं. आपल्याच पोलिसांनी कोणाला मारलं आणि कोणी झाकलं, हे त्या मालिकेने ब्रिटिश माणसाला त्याच्या दिवाणखान्यात दाखवलं. उत्तर आयर्लंडमध्ये तेव्हा ती दाखवलीच नाही. मग १९९९मध्ये ‘वॉरियर्स’: बॉस्नियात शांतिसैनिक म्हणून गेलेली पोरं, ज्यांना डोळ्यांदेखत कत्तल बघायची होती पण थांबवायची परवानगी नव्हती. २००५मध्ये ‘द गव्हर्नमेंट इन्स्पेक्टर’: इराककडच्या शस्त्रांबद्दलच्या सरकारी दाव्यांच्या वादात सापडलेले आणि जुलै २००३मध्ये रानात मृतावस्थेत आढळलेले शास्त्रज्ञ डेव्हिड केली. २००७मध्ये ‘ब्रिट्झ’: ब्रॅडफर्डच्या मुस्लिम घरातली भाऊबहीण, एक गुप्तचर खात्यात जातो, दुसरी उलट टोकाला. या यादीतलं एक तरी काम असं आहे का, की ज्यावर कोणी ना कोणी चिडलं नाही? पोलीस चिडले, मजूर पक्ष चिडला, मुस्लिम संघटना चिडल्या. देशाने स्वतःशी घातलेलं हे भांडण आहे, आणि ते घालायला त्याला चाळीस वर्षं कोणीतरी पैसे देत होतं.

ते कोण देत होतं, हा खरा प्रश्न. लेव्हीचे, म्हणजे या पाच टक्के वसुलीचे, विरोधक म्हणतात बाजाराला ठरवू द्या. पण ब्रिटिश टेलिव्हिजनमध्ये मोकळा बाजार होता कधी? आयटीव्ही या जाहिरातींवर चालणाऱ्या वाहिनीच्या प्रादेशिक कंपन्यांना (यॉर्कशायर टेलिव्हिजन त्यांतलीच एक) आपापल्या भागात टीव्हीवरच्या जाहिरातींची पूर्ण मक्तेदारी होती. स्कॉटिश टेलिव्हिजनचा मालक रॉय थॉमसन त्याला नोटा छापायचा परवाना म्हणाला होता, आणि ते अगदी खरं होतं. फक्त त्या छापखान्याला अट होती. नियामक मंडळ दर काही वर्षांनी परवाना तपासायचं, गंभीर कार्यक्रम किती दिले ते मोजायचं, आणि वेळ पडली तर परवाना काढूनही घ्यायचं. यॉर्कशायर टेलिव्हिजनने तिशीतल्या कॉस्मिन्स्कीला सैनिकांच्या मुलाखती घेत फिरायला पैसे दिले ते उदार मनाने नव्हे. ते न दिले तर छापखाना जाण्याची भीती होती म्हणून. चॅनल फोरचं तर आणखी सरळ आहे. २ नोव्हेंबर १९८२ला ही वाहिनी सुरू झाली ती आयटीव्ही कंपन्यांनी भरलेल्या वर्गणीवर, आणि १९९३ सुरू होईपर्यंत तशीच चालली. नफ्यातल्या कंपन्यांकडून ठरावीक पैसा घ्यायचा आणि ज्याला बाजारात गिऱ्हाईक नाही अशा कामाला द्यायचा. याला आज लेव्ही म्हणतात. तेव्हा हे धोरण मार्गारेट थॅचरच्या सरकारच्या काळात राबवलं गेलं, आणि समाजवाद आला म्हणून कोणी बोंब मारली नाही.

आता ‘ॲडोलेसन्स’कडे येऊ, कारण पाडव्याच्या पंगतीत तोच हुकमाचा एक्का होता. ती मालिका उत्तम आहे, यात वाद नाही. पंतप्रधान स्टार्मर यांनी ती स्वतःच्या मुलांबरोबर पाहिली, शाळांतून फुकट दाखवायला पाठिंबा दिला. मोठी विदेशी कंपनी ब्रिटिश गावातली, ब्रिटिश बोलीतली, कसलीही तडजोड न केलेली गोष्ट करू शकते, हे तिने सिद्ध केलं, आणि “स्ट्रीमिंगवाले फक्त चकचकीत माल काढतात” म्हणणाऱ्यांनी हे निमूट मान्य करावं. पण ही माणसं आली कुठून? लेखक जॅक थॉर्न आणि नट-सहलेखक स्टीवन ग्रॅहम २०१०मध्ये चॅनल फोरच्या ‘धिस इज इंग्लंड ८६’मध्ये एकत्र होते. दिग्दर्शक फिलिप बॅरन्टिनीच्या एका शॉटमधल्या हॉटेलच्या स्वयंपाकघराच्या चित्रपटाची पुढे मालिका झाली ती बीबीसीवर. पेरणी एकाच्या वावरात झाली, सुगी दुसऱ्याच्या खळ्यावर आली. आपल्याकडे याला आयत्या बिळावर नागोबा म्हणतात. नागोबाने बीळ छान सजवलं, हे खरं आहे. उंदरांनी नवं बीळ खणायला जागा उरली आहे का, एवढंच विचारायचं आहे.

मला त्याहून महत्त्वाचं वाटतं ते हे: ‘ॲडोलेसन्स’ची भीती कुठेही जाते. बंद दारामागे फोन घेऊन बसलेला मुलगा रेडिंगमध्ये आहे, तसा नाशिकमध्ये आहे आणि साओ पावलोतही आहे. नेटफ्लिक्स १९० देशांत दुकान मांडून बसलं आहे, ते अशीच गोष्ट शोधणार, आणि शोधावीच. पण शेजारी आयटीव्हीची ‘मिस्टर बेट्स विरुद्ध द पोस्ट ऑफिस’ ठेवून बघा. जानेवारी २०२४च्या पहिल्या आठवड्यात लागलेली ही चार भागांची मालिका. विषय काय, तर खेड्यापाड्यांतल्या पोस्टाच्या काउंटरवरचा हिशेब. होरायझन नावाच्या संगणक प्रणालीत रोज संध्याकाळी शिल्लक जुळायची नाही, पोस्टमास्तर आपल्या खिशातून भर घालायचा, मदतीच्या क्रमांकावर फोन केला की उत्तर यायचं की अशी तक्रार तुमचीच आहे. शेवटी चोरीचा खटला. नऊशेच्या वर माणसं दोषी ठरली. त्यांत दुकान-कम-पोस्ट चालवणारी भारतीय वंशाची माणसं खूप होती. एक बाई गरोदर असताना तुरुंगात गेली. आमच्या ओळखीतल्या कितीतरी गुजराती घरांना या मालिकेत नवं काहीच नव्हतं. नवं होतं ते एवढंच, की आता शेजारच्या गोऱ्या बाईने दार वाजवून “आम्हाला माहीत नव्हतं हो” म्हटलं.

खरं तर माहीत होतं. ‘कॉम्प्युटर वीकली’ने २००९मध्येच लिहिलं होतं. उच्च न्यायालयाने २०१९मध्ये प्रणाली सदोष असल्याचा निकाल दिला होता. सार्वजनिक चौकशी चालूच होती. कागद होते, निकाल होता, आणि तरी सगळं थंड होतं. मालिका संपल्यावर आठवडा उलटायच्या आत तेव्हाचे पंतप्रधान सुनक यांनी दोषसिद्धी सरसकट रद्द करायचा कायदा आणू म्हणून सांगितलं, आणि मे महिन्यात तो झालाही. एवढं सगळं केलेल्या मालिकेवर आयटीव्हीला साधारण दहा लाख पौंडांचा तोटा झाला, असं वाहिनीच्या वरिष्ठांनीच सांगितलं. ब्रिटिश पोस्टाच्या शिलकीचं बाहेरच्या देशांना काय पडलंय? आता बाजाराला ठरवू द्यायचं असेल तर बाजाराने ठरवलेलंच आहे: पुढची ‘बेट्स’ करू नका. जी गोष्ट घराबाहेर खपत नाही पण घरात ज्याच्याशिवाय न्याय हलत नाही, तिचा खर्च कोणाच्या नावावर टाकायचा, हा इथला प्रश्न आहे. नेटफ्लिक्स चांगलं की बीबीसी, हा प्रश्नच नव्हे. पंगतीतले दोन्ही पक्ष आपापल्या ताटातलं उदाहरण दुसऱ्याच्या डोक्यात मारत होते, आणि दोन्ही उदाहरणं एकमेकांना खोडत नव्हतीच.

आता विरोधकांचे जे मुद्दे खरोखर जड आहेत त्यांच्याकडे वळतो.

सगळ्यात जड मुद्दा इतिहासाचा आहे, आणि गंमत म्हणजे तो फारसा कोणी मांडत नाही. ब्रिटनने हा प्रयोग आधी केलेला आहे, एकदा नव्हे, दोनदा, आणि दोन्ही वेळा हात पोळून घेतले. १९२७मध्ये हॉलिवूडच्या लोंढ्याला बांध म्हणून कायदा झाला: वितरकांनी आणि थिएटरांनी ठरावीक प्रमाणात ब्रिटिश चित्रपट घ्यायचेच. मग काय, अमेरिकन कंपन्या कोटा भरण्यापुरते स्वस्तातले, झटपट चित्रपट करून घेऊ लागल्या. ते सकाळी झाडूवाल्या बायकांसमोर रिकाम्या थिएटरात चालवून कोटा पुरा करत, असं सांगतात. दुसरा प्रयोग ईडी लेव्हीचा. सर विल्फ्रेड ईडी हा खजिन्यातला अधिकारी. १९५०मध्ये सिनेमाच्या तिकिटातला थोडा भाग बाजूला काढून ब्रिटिश निर्मात्यांना द्यायची योजना निघाली. आधी ऐच्छिक, १९५७मध्ये सक्तीची. पण पैसा वाटायचा तो तिकीटबारीच्या प्रमाणात. म्हणजे ज्याचा चित्रपट चालला त्यालाच अधिक. शिवाय ‘ब्रिटिश’ची व्याख्या इतकी सैल की लंडनला कचेरी थाटलेल्या अमेरिकन कंपन्याही ब्रिटिश ठरल्या. जेम्स बाँडने या लेव्हीतून भरपूर ओरपलं. बाँडला अनुदान! १९८५मध्ये योजना गुंडाळली तेव्हा रडायला कोणी नव्हतं. आपल्याकडे मराठी चित्रपटांना करमणूक कराचा परतावा मिळायचा, त्याचंही गणित असंच होतं: ज्याच्या तिकिटांवर जास्त कर जमला त्याला जास्त परत. ज्याचं पोट भरलेलं त्याच्याच पानात दुसरी वाढ.

हे सगळं मान्य. पण यातून काय निघतं? लेव्ही वाईट असं निघत नाही, वाटपाचा नियम गाढवपणाचा होता असं निघतं. कोट्याच्या त्या टाकाऊ चित्रपटांवरसुद्धा मायकेल पॉवेलसारखा दिग्दर्शक हात बसवून घेऊन बाहेर पडला. खतही घाणच असतं. आणि दुसरीकडे चॅनल फोरची वर्गणी बघा: तीही सक्तीचीच, तीही नफेखोरांकडूनच, पण ती तिकीटबारीच्या प्रमाणात परत वाटली नाही, वेगळं काहीतरी करायच्या अटीवर दिली. पहिल्याचे बाँड झाले, दुसऱ्यातून एका पिढीचं टेलिव्हिजन उभं राहिलं. दोन्ही उदाहरणं एकाच देशातली, आणि १९८०च्या दशकात काही वर्षं दोन्ही योजना एकाच वेळी चालू होत्या. तरी धडा ईडीचाच आठवायचा आणि चॅनल फोरचा विसरायचा, हे कसं?

दुसरा मुद्दा: हा पैसा शेवटी गिऱ्हाइकाच्या खिशातूनच जाणार. बरोबर. नेटफ्लिक्स तोटा सोसेल असं मानायला मी काही काल जन्मलो नाही. पण नेटफ्लिक्सने वर्गणी लेव्हीविनाही वाढवलीच आहे, आणि तेव्हा एकाही पेनीबद्दल आपल्याला कोणी विचारलं नाही. फ्रान्समध्ये २०२१पासून या कंपन्यांना तिथल्या उत्पन्नाच्या किमान वीस टक्के रक्कम फ्रेंच आणि युरोपीय निर्मितीत घालावी लागते. वीस! स्वित्झर्लंडने तर सार्वमत घेतलं, १५ मे २०२२ला, आणि लोकांनी स्वतःहून चार टक्क्यांच्या बाजूने कौल दिला. पॅरिस आणि झुरिकमधून नेटफ्लिक्सने गाशा गुंडाळल्याचं कोणी ऐकलंय? “पळून जातील” ही धमकी गिरणीमालकांपासून सगळ्यांनी दिलेली आहे. गिरण्या गेल्या त्या जमिनीचा भाव आला म्हणून, सेसपायी नव्हे. (हे विषयांतर झालं, पण मुंबईत वाढलेल्या माणसाला आवरत नाही.)

“सरकारने बाजारात ढवळाढवळ करू नये” हा तिसरा मुद्दा मात्र मला अजिबात पटत नाही. २०१३पासून ब्रिटनमध्ये तासाला दहा लाख पौंडांच्या वर खर्च होणाऱ्या मालिकांना करसवलत मिळते, आणि ती विदेशी कंपन्यांच्या मालिकांनाही मिळते. स्टुडिओ उभे राहिले, सुतारांना, वीजतंत्र्यांना, वेशभूषाकारांना काम मिळालं, त्यांचे दर वाढले. चांगलंच झालं. कामगाराचा दर वाढला म्हणून रडणाऱ्या निर्मात्यांबद्दल मला फार माया नाही. पण याचा अर्थ सरकारी तिजोरीतून घेताना ढवळाढवळ गोड लागते आणि देताना बाजाराचं पावित्र्य आठवतं. शिवाय हे दर वाढले ते मोठ्यांच्या पैशाने, आणि त्या दरात छोट्यांना काम करणं अशक्य झालं. ‘वुल्फ हॉल’च्या दुसऱ्या भागातून बाहेरचे खर्चिक प्रसंग कापावे लागले आणि माणसं खोल्यांमध्ये बोलत बसली, ती यामुळे. (मला स्वतःला ती खोल्यांतली बोलणीच अधिक आवडली, पण ते असो.)

राहता राहिला कॉस्मिन्स्कीचा स्वार्थ. तो आहे. स्वतःच्या धंद्यासाठी पैसा मागणाऱ्या माणसाकडे संशयाने बघावंच. ऑक्सफर्डहून थेट बीबीसीत शिरायचं दार किती अरुंद होतं आणि त्यातून कोणत्या रंगाची, कोणत्या उच्चारांची माणसं आत गेली, हेही विचारावं. आणि सार्वजनिक वाहिन्या म्हणजे काही देवळं नव्हेत. अणुहल्ल्यानंतरचं ब्रिटन दाखवणारा पीटर वॉटकिन्सचा ‘द वॉर गेम’ बीबीसीने १९६५मध्ये स्वतःच बनवून घेतला, स्वतःच दाबला, त्याला ऑस्कर मिळालं तरी दाबून ठेवला, आणि १९८५मध्ये दाखवला. वीस वर्षं! आमच्या पंगतीतल्या काकांना हे सांगितलं तेव्हा ते म्हणाले, “पण दाखवला ना?” गहिवराला पुरावा लागत नाही.

म्हणूनच मी बीबीसी वाचवा म्हणत नाही. दारं एकाहून जास्त हवीत एवढंच म्हणतो. ‘वॉरियर्स’ १९९९मध्ये दाखवली गेली, त्यानंतर एका माजी ब्रिटिश सैनिकाचं पत्र आलं आणि ते कॉस्मिन्स्कीच्या हाती पडलं. मजकूर साधारण असा, की बॉस्नियातल्या पोरांचं दाखवलंत, आता आमचं दाखवा. आम्ही दुसरं महायुद्ध संपल्यावर पॅलेस्टाइनमध्ये होतो आणि परत आलो तेव्हा आमच्याबद्दल कोणालाच काही ऐकायचं नव्हतं. त्या एका पत्रावरून शोध सुरू झाला. म्हातारे झालेले ऐंशीच्या वर सैनिक गाठले, त्यांच्याशी बोलले, कागद उपसले. गोष्ट आधी बीबीसीकडे होती, तिथून सुटली, चॅनल फोरकडे गेली, आणि ‘द प्रॉमिस’ या नावाने दाखवली गेली २०११मध्ये. दाखवल्यावर तक्रारींचा पाऊस पडला आणि नियामकाने त्या फेटाळल्या, ते वेगळंच. पत्र आणि मालिका यांच्यात अकरा वर्षं. कुठला आकडा बघून चालणारा माणूस एका पेन्शनराच्या पत्रावर अकरा वर्षं थांबेल? आणि एका दाराने नाही म्हटल्यावर वाजवायला दुसरं दार नसतं तर ते पत्र कुठे गेलं असतं? ते म्हातारे तर थांबणार नव्हते.

आज ही दुसरी दारं एकेक करून आवळताहेत. ‘वुल्फ हॉल’मध्ये अमेरिकेच्या सार्वजनिक वाहिनीचा, पीबीएसचा, वाटा होता. २०२५च्या जुलैमध्ये अमेरिकन काँग्रेसने सार्वजनिक प्रसारणाचे १.१ अब्ज डॉलर काढून घेतले. आयटीव्हीला जाहिराती पुरत नाहीत. बीबीसीची वर्षाची लायसन्स फी भरणारी घरं कमी होताहेत, आणि पंचविशीतल्या मुलांना ती काय असते हेही सांगावं लागतं. अशा वेळी पाच टक्क्यांचा निधी आला तर तो कोणाला द्यायचा? माझं ऐकाल तर ट्यूडर दरबाराला एक पेनीही नको. क्रॉमवेल जगभर खपतो, त्याला पुस्तकांचा आधार आहे, नट आहेत, गोल्डन ग्लोब आहे. निधी जावा तो पहिलं-दुसरं काम करणाऱ्यांकडे आणि ज्यावर आज इथे कोणीतरी चिडेल अशा विषयांकडे: ज्याचं नाव ऐकून परदेशी विक्री विभाग जांभई देईल अशा. आणि वाटपाचा नियम लिहिणाऱ्याच्या टेबलावर ईडीचा फोटो लावून ठेवावा.

पंगतीत मी यातलं निम्मंही बोललो नाही. वहिनी दुसऱ्यांदा श्रीखंड वाढत होत्या आणि तेवढ्यात कोणीतरी विचारलं की मग पासष्ट पेन्स तू देशील का. म्हटलं, देईन. ज्याने आठव्या हेन्रीच्या झग्यांवरून सुरुवात केली होती तो थोडा वेळ गप्प राहिला, मग म्हणाला, “पोस्टवाल्यांसाठी असेल तर मीही देईन. झग्यांसाठी नाही.” काकांना ते आवडलं नाही. आमचं दोघांचं मात्र तिथे जुळलं.